जोडे न काढता केलेली मोजणी

राजाला तळं बांधायचं होतं, आणि तेही बरोब्बर साळूच्या पानमळ्यावर!

राणीसरकारांचं शुक्रवारचं व्रत पुरं होत आलं होतं. उद्यापनाच्या निमित्ताने देवीच्या देवळापुढे तळं व्हावं, असं राजाच्या मनाने घेतलं. देवीचं काम म्हटल्यावर साळू नाही कशाला म्हणेल? तिने हात जोडले.

"घ्या महाराज, देवीचंच आहे सगळं. फक्त दुसरीकडे मळा लावता येईल एवढा मोबदला द्या. आमची चूल या पानांवर पेटते."

किंमत करायला दिवाण दाजीपंत गेले. पानमळ्यात शिरायचं तर जोडे बांधावर काढावे लागतात, नाहीतर वेल रुसते म्हणतात. दाजीपंतांचे जोडे नवे, जरीचे. ते कोण काढतो! त्यांनी बांधावरूनच मान उंच केली. वेली दरवर्षी उतरवून मातीत निजवतात, म्हणजे पुन्हा जोमाने फुटतात. नेमक्या त्याच आठवड्यात त्या निजवलेल्या. दाजीपंतांना दिसल्या वेलींच्या आधाराला लावलेल्या नुसत्या उभ्या शेवऱ्या.

"बोडका माळ!" ते म्हणाले आणि एक थैली ठरवून मोकळे झाले. तीही अर्धी रिकामी!

साळू थेट दरबारात गेली. "महाराज, एवढ्यात मळा काय, मळ्याचं कुंपणही यायचं नाही!"

राजा पक्का हट्टी. "माझ्या दिवाणाने केलेली किंमत मी आजवर बदललेली नाही. बदलायची तर त्यानेच! पानमळ्याची खरी किंमत दाजीपंतांच्या तोंडून वदवून दाखव. ते म्हणतील ती देईन. नाहीतर ही थैली उचल!"

दाजीपंत मिशीत हसले. "साळूबाई, त्यासाठी तुला दुसरा जन्म घ्यावा लागेल हो!"

"बघू या. देवीने मनावर घेतलं तर याच जन्मात होईल," साळू म्हणाली आणि थैली कनवटीला लावून निघून गेली.

शुक्रवार उजाडला. वाड्यात सवाष्णी जेवायला बसल्या. ज्या घरची पानं देवीच्या विड्याला, त्या घरच्या सवाष्णीला पहिला पाट, अशी तिथली रीत. तेव्हा पहिल्या पाटावर साळू! स्वतः राजा पुरणपोळी वाढत होता आणि मागून दाजीपंत तुपाचं भांडं घेऊन फिरत होते.

साळूने घास काही उचलला नाही.

राणीसरकार घाबरल्या. "अगं बाई, जेव ना! सवाष्ण उपाशी उठली तर माझं व्रत मोडेल गं!"

"जेवते सरकार. पण मळा गेल्यापासून घास उतरत नाही. महाराजांनी दिलेल्या या थैलीत आधी एक पानमळा विकत घेऊन टाकते, मग पोटभर जेवते."

"घे की!" राजा म्हणाला. "कोणाचा घेतेस?"

"दाजीपंतांचा. माझ्या बांधाला लागूनच आहे." साळूने थैली काढून दाजीपंतांपुढे धरली. "घ्या दाजीपंत, तुम्हीच ठरवलेली किंमत!"

दाजीपंतांच्या हातातलं तूप जमिनीवर सांडलं. "वेड लागलं का तुला? माझा पानमळा या चिमूटभर पैशात? अशा दहा थैल्या आणल्यास तरच बोल! त्याहून एक दमडी कमी घेणार नाही!"

"ऐकलंत महाराज?" साळू हसली. "पानमळ्याची किंमत दहा थैल्या! दाजीपंतांच्याच तोंडून!"

"माझ्या मळ्याची सांगितली मी! तुझा तर बोडका माळ!"

"बांध एक, माती एक, पाटाचं पाणी एक. वेली आज तुमच्याही निजल्यात. तुमच्या तेवढ्या झोपल्या आणि माझ्या मेल्या, असं का? जोडे काढा की दाजीपंत, आत जाऊन उकरून बघू!"

राजाने दाजीपंतांच्या जरीच्या जोड्यांकडे पाहिलं, तर ते पंक्तीतही पायातच होते! राजाला असं हसू फुटलं, की हातातलं ताट खाली ठेवावं लागलं.

"दिवाणाचा शब्द मी बदलत नाही!" तो डोळे पुसत म्हणाला. "साळूला दहा थैल्या! आणि बांधावरून मोजणी केल्याबद्दल त्या थैल्या दाजीपंतांच्या घरातून!"

"मग त्या त्यांनाच परत देते महाराज," साळू म्हणाली. "वेल मातीत लागते, थैलीत नाही. त्यांनी भाव सांगितलाय, मी सौदा पक्का केला. मळा माझा!"

दाजीपंतांनी आपल्याच थैल्या एका हाताने दिल्या आणि दुसऱ्या हाताने घेतल्या. मळा मात्र गेला!

राणीसरकारांनी साळूची खणानारळाने ओटी भरली, वर भरजरी लुगडं दिलं. "आता तरी जेव गं बाई!"

"जेवते सरकार. पण दाजीपंतांना सांगा, मळ्याचा ताबा द्यायला उद्या जरूर या. जोडे तेवढे बांधावर!"

आणि राजा पुन्हा पोट धरून हसू लागला.