उगारे साहेबांची खुर्ची

राज्यमंत्री धनपाल उगारे पूर्वी प्लास्टिकच्या खुर्च्या बनवायचे. गिऱ्हाइकासमोर स्वतः खुर्चीवर चढून उड्या मारायचे आणि मगच माल विकायचे. निवडणुकीतही हेच सांगून ते जिंकले.

आमच्या बालवाडीच्या नव्या इमारतीचा स्लॅब उद्घाटनाआधीच तडकला होता. उद्घाटनाला आलेल्या साहेबांना मांडवात मी भीत भीत म्हणाले, "साहेब, वर भेग आहे. माझी ओवी उद्यापासून तिच्याखाली बसणार."

"अहो ताई, नुसतं प्लास्टर आहे ते," साहेब हसले. "तुम्ही नव्या आया फार घाबरता बघा."

खरंच घाबरते मी. ओवी शिंकली तरी डॉक्टरांना फोन लावते. त्यामुळे पुढचं वाक्य माझ्याच तोंडून आलं, यावर माझा अजून विश्वास बसत नाही.

"मग कारखान्यातल्यासारखंच करू या, साहेब. त्या भेगेखाली तुमची खुर्ची मांडते. तुम्ही तिथं बसून भाषण करा, मगच मुलं आत पाठवतो."

साहेब उठून इमारतीच्या दारापर्यंत गेले. तिथूनच त्यांनी वर पाहिलं, घाम पुसला आणि इंजिनिअरला म्हणाले, "कुलूप घाला हो इमारतीला."

टाळ्या पडल्या, पण मी वाजवल्या नाहीत. म्हणजे साहेबांना सगळं ठाऊक होतं, आणि तरी ते ओवीला आत बसवायला निघाले होते!