कांडेचोराने काय चोरले?

सागाच्या एका रानात एक कांडेचोर राहत असे. मुलांनो, हा मांजराएवढा, लांब शेपटीचा, ठिपक्याठिपक्यांचा प्राणी. किडे खावेत, खाली पडलेली फळे चाखावीत आणि कुणाच्या अध्यातमध्यात नसावे, असा त्याचा शिरस्ता. खोट एकच, नावात 'चोर'. आता नाव काही कुणी स्वतः निवडून घेत नाही. आमच्या पेठेत वाघ आडनावाचे एक कापडदुकानदार होते. झुरळ दिसले की ते गादीवरून थेट रस्त्यावर उडी घेत. पण रानाचा कारभारी होता कोल्हा, आणि तो पाटी वाचून माल ओळखणारा.

आंब्याला मोहोर आला तसा कोल्हा हत्तीराजाला म्हणाला, "महाराज, यंदा आंबा उदंड येणार. कांडेचोराला आधीच आत ठेवलेला बरा."

"त्याने काही केलंय का?"

"अजून नाही. केल्यावर धरून काय उपयोग?"

राजाला हे शहाणपणाचे वाटले. कांडेचोराला एका कपारीत घालून तोंडाशी शिळा लावली आणि पहाऱ्याला तरस बसवले.

"पण मी केलं काय?" कांडेचोर फटीतून विचारी.

"काही नाही रे बाबा," तरस म्हणे. "म्हणून तर तुला मारझोड नाही. नुसतं बसायचं, आंबे उतरेपर्यंत."

आंबे उतरले. कोल्हा म्हणाला, "बघा महाराज, एक आंबा गेला नाही! आता जांभळंही होऊन जाऊ देत." जांभळे झाली, मग सीताफळे आली, मग बोरे. रानात कुठले ना कुठले फळ पिकतच असते. कांडेचोराला बाहेरचा ऋतू फक्त वासावरून कळे.

एके दिवशी त्याच कपारीत एक माकड आणून टाकले. राजाची बोरे ओरबाडताना ते गालफडे भरलेलीच सापडले होते.

"चार दिवसांची तर गोष्ट," माकड ऐसपैस बसत म्हणाले. "तुम्ही कधी सुटणार, काका?"

"ठाऊक नाही."

"अबब! एवढी मोठी चोरी केलीत तरी कसली?"

"केलीच नाही मी."

"अरेरे," माकड म्हणाले, "मग अवघड आहे तुमचं."

माकड शिक्षा भोगून शेपटी मिरवत निघून गेले.  त्याच दिवशी कांडेचोराने तरसाला हाक मारली, "दादा, राजाला सांग, मी चोरी केलीय. शिक्षा सुनवा म्हणावं."

दरबार भरला. "काय चोरलंस?" हत्तीने विचारले.

"ते महाराजांनीच ठरवावं. आंबा म्हणाल तर आंबा, बोर म्हणाल तर बोर. पण मला चोर ठरवा. चोराला निदान सुटायचा दिवस असतो."

"ऐकलंत? कबूल करतोय!" कोल्हा ओरडला. "मी म्हणत नव्हतो, नावातच चोर आहे?"

हत्तीच्या पाठीवर वेडा राघू नावाचा हिरवा पक्षी बसला होता, तो खुदकन हसला. "मग कारभारी, मलाही वेड्यांत बसवा. आणि त्या सुतारपक्ष्याकडून स्वतःला बसायला एक पाट करून घ्या!"

सारा दरबार हसला. हत्ती मात्र हसला नाही. "कोल्होबा, इतक्या महिन्यांत याने काही केलं?"

"आत असल्यावर करणार कसं, महाराज?"

"आणि कधी काळी करेल म्हणून आतच. म्हणजे चोरी केली तर चार दिवस, न केली तर जन्मभर?"

 मग हत्तीच पुढे म्हणाला, "चूक माझीही झाली. सोडा याला. यापुढे कुणाला आत घालायचं, तर त्याने काय केलं ते आधी त्याच्यादेखत मला सांगायचं. त्याचंही ऐकल्याशिवाय शिळा हलायची नाही."

कांडेचोर निघाला. कोल्ह्याची खोड काही जाईना. तो मागून म्हणाला, "थांब! जाणार कुठं? कुणाकडे? येणार कधी?"

कांडेचोर वळला आणि अगदी शांतपणे म्हणाला, "ते आता तुम्हाला सांगावं लागत नाही, कारभारी. सुटलो म्हणजे एवढंच तर झालंय."

आणि तो गवतात शिरला.

तात्पर्य : घडलेल्या गुन्ह्याची शिक्षा कधीतरी संपते, नुसत्या संशयाची संपत नाही, म्हणून कुणाला कोंडण्याआधी 'तो काय करेल' हे नव्हे, तर 'त्याने काय केले' हे विचारावे, आणि त्याचे म्हणणेही ऐकावे.