झिजलेला चेहरा

सांगा शेठ, मोलाची वस्तू कुणाच्या हवाली करावी? ज्याच्या हातात कसब आहे त्याच्याच ना?

जॉर्जियातल्या एका डोंगरी मठात शिओ नावाचा तरुण साधूही आपल्या गुरूंना हेच विचारत होता. गुरू इलारिओनबुवा थकले होते, नजर मंदावली होती. जुन्या सचित्र धर्मग्रंथांच्या पेटीची किल्ली मात्र अजून त्यांच्याच कमरेला. ती आपल्याकडं यावी, एवढीच शिओची आस.

"हे पान बघा, मामा." तिकडं साधूला मामाच म्हणतात, अर्थ मात्र बाप.

कातड्याच्या पानावर सोनेरी प्रभावळीत एक संत होते. पिढ्यानपिढ्या भाविकांनी त्यांच्या चेहऱ्यावर ओठ टेकले, आणि चेहरा पार झिजून गेला. शिओनं आज सकाळी तो नव्यानं रंगवला होता. डोळे, दाढी... जुनं कुठलं आणि नवं कुठलं, मुरलेल्या सराफालाही कळू नये.

बुवांनी रोजच्यासारखी मान झुकवली. ओठ पानाजवळ गेले... आणि थांबले.

"रंगाचा वास येतोय."

"चेहरा परत आणला, मामा!"

"कुणाचा?"

"संतांचा."

"तू पाहिलं होतंस त्यांना?"

"पण इथं काहीच उरलं नव्हतं!"

"लोकांचे ओठ उरले होते रे."

शिओचा चेहरा पडला. त्यानं ओला बोळा घेतला. रंग अजून मुरला नव्हता, निघाला. कडेला निळसर डाग तेवढा राहिला.

"हा जात नाही. घासू?"

"घासलास तर कातडं जाईल. लेखणी घे."

त्या मुलखातले जुने लेखनिक समासात आपलं नाव घालून चुकांची क्षमा मागत. शिओला ते ठाऊक होतं. म्हणूनच त्याचा हात अडला.

"मामा, हे लोक शेकडो वर्षं वाचतील..."

"म्हणून तर."

त्यानं लिहिलं: 'इथं मी, शिओनं, रंग लावला आणि पुसला. क्षमा करा.' लेखणी ठेवली. किल्ली गेलीच असं धरून तो दाराकडं वळला.

मागं पेटीच्या झाकणावर किल्ली खणकली. बुवांनी ती कमरेची सोडून त्याच्यासाठी ठेवली होती.

"मामा... आज? या डागानंतर?"

बुवा पुन्हा पानावर झुकले. उघड्या, झिजल्या जागी ओठ टेकले. मग म्हणाले,

"हिशेब खरा ठेव, बाळा. गेलेलं गेलं म्हणूनच मांड."