झऱ्यावरच्या तीन माता

परवा मी सुरीने माझ्या लेकीचं नाव खरवडून काढलं. डब्यावरचं, पाण्याच्या बाटलीवरचं, दप्तरावरचं. कुठल्याशा ग्रुपवर मेसेज आला होता, की अनोळखी माणसं मुलांना नावाने हाक मारून जवळ बोलावतात. कुणी पाठवला, कुठे घडलं, काही कळायला मार्ग नव्हता. तरी मी खरवडलं. दुसऱ्या दिवशी वर्गात डब्यांची अदलाबदल झाली आणि लेक कुणाची तरी कारल्याची भाजी खाऊन घरी आली. त्या रात्री माझा डोळा लागला नाही. आज नाव खरवडलं, उद्या काय खरवडणार, हेच डोक्यात. शिकलेली बाई आहे मी; पण घाबरले की ते शिक्षण नेमकं कुठे जाऊन बसतं, ते मला अजून सापडलेलं नाही. सकाळी तिची वेणी घालताना तिला एक गोष्ट सांगितली. जमली की नाही, ते तुम्ही लहानमोठ्यांनी ठरवा.

खूप जुना काळ होता. रोमचं राज्य तेव्हा इतकं पसरलं होतं, की राजधानीत नवा राजा गादीवर बसल्याची बातमी सरहद्दीवर पोचेपर्यंत तोही जुना झालेला असे. त्या राज्याच्या अगदी टोकाला एक नदी होती. अलीकडे राज्य, पलीकडे रान आणि रानातली माणसं. अलीकडच्या काठावर एक लहानसा किल्ला, आणि किल्ल्याच्या आधाराने वसलेलं एक गाव.

गावाबाहेर झरा होता. झऱ्यावर एका उभ्या दगडात तीन माता कोरलेल्या होत्या, शेजारी शेजारी बसलेल्या. एकीच्या मांडीवर पाव, मधलीच्या हातात फळांची टोपली, तिसरीच्या कुशीत दुपट्यात गुंडाळलेलं बाळ. भोवती लहान लहान दगड रोवलेले. त्या मुलखाची रीतच तशी होती. देवाला नवस बोललेला माणूस, काम झालं की दगडावर कोरून घेई: ‘अमक्याने नवस केला होता, तो आनंदाने फेडला.’ वर आणखी एक ओळ असे, ‘राजाचं कल्याण होवो,’ आणि राजाचं नाव. ती ओळ सगळेच घालत. विचार करून कुणीच घालत नसे.

दर वर्षी सुगी संपली आणि नदीचं पाणी उतरलं, की पलीकडची माणसं चालत येत. दोन्हीकडचे लोक झऱ्यात हात धूत आणि मातांच्या देखत शब्द देत: या वर्षी तुम्ही आमच्यावर यायचं नाही, आम्ही तुमच्यावर यायचं नाही. मग तीन दिवस बाजार भरे. तिकडून मध आणि कातडी येत, इकडून मीठ आणि मडकी जात.

या माता गावातल्या पाथरवटाने कोरल्या होत्या. दहा वर्षांपूर्वी त्याची बायको बाळंतपणात मरता मरता वाचली, लेकही वाचली, त्याचा तो नवस. पण देवीचे केस कसे असतात, हे त्याला कुठे ठाऊक. म्हणून त्याने नाण्यावरची राजमाता पाहिली आणि तेच केस मधल्या मातेला दिले. मधोमध भांग, कानांवरून लाटा, मागे चपटा अंबाडा. सरहद्दीवरचे सगळे पाथरवट असंच करायचे. राजघराणं त्यांनी पाहिलं होतं ते नाण्यावर, नखाएवढं.

एके दिवशी घोडेस्वार आला. राजाला मारलं होतं. त्याच्या आईलाही. हुकूम एका ओळीचा होता: मेलेल्या राजाचं नाव वेशीच्या दगडावरून काढून टाका. महिन्याभरात अधिकारी पाहायला येईल.

पाथरवटाने छिन्नी-हातोडा घेतला आणि अर्ध्या दिवसात ती ओळ काढली. हत्यारं गुंडाळतोय, तेवढ्यात गावप्रमुख आला.

“झालं?”

“झालं.”

“आणि झऱ्यावरचे नवसाचे दगड? त्यांच्यावरही नाव आहे त्याचं.”

“हुकमात ते नाहीत.”

“नाहीत म्हणजे विसरले असतील. नंतर आठवलं, तर कुणाच्या मानेवर येईल?”

“तुमच्या.”

“म्हणून तर तुला सांगतोय, बाबा.”

पाथरवटाने झऱ्यावरच्या दगडांवरचं नावही काढलं. मग कुणीतरी म्हणालं, नाव गेलं पण ‘राजाचं कल्याण होवो’ राहिलं. कुठल्या राजाचं, असं विचारलं तर? तीही ओळ गेली. मग कुणाच्या ध्यानात आलं, की किल्ल्यातल्या दाढीवाल्या देवाची दाढी त्या राजासारखीच आखूड आहे. दाढी गेली. देव आता म्हातारीसारखा दिसायला लागला, पण हसलं कुणी नाही.

दिवसभर गावात छिन्नीचा आवाज ऐकू यायचा. टक्, टक्, टक्. तो थांबला की लोकांना बरं वाटायचं नाही. उलट जो तो विचार करायचा, आता काय राहिलं, माझ्या घरात तर काही राहिलं नाही ना.

लोकांनी आपलीच घरं धुंडाळली. कुंभाराने राजाचा छाप असलेले दिवे फोडून टाकले. नाणी परसात पुरली गेली. एका घरी तान्ह्या बाळाचं नाव त्या राजावरून ठेवलेलं होतं. ते बदललं. पण नव्या नावाने हाक मारली तर बाळ वळेना, आणि जुन्या नावाने मारायची कुणाची छाती होईना. आई बिचारी नुसत्या टाळ्या वाजवून त्याला बोलवायची. झऱ्यावर बायका पाणी भरायच्या आणि न बोलता परतायच्या. कारण कोण काय ऐकेल, आणि ऐकलेलं कुणाला सांगेल, याचा भरवसा राहिला नव्हता.

सगळ्यांत जास्त घाबरला होता तो पाथरवट. मधल्या मातेचे केस कुठून आले, हे त्या गावात एकट्या त्यालाच माहीत होतं. नाणी जमिनीत गेली होती, ताडून पाहणारं कुणी नव्हतं. पण त्याच्या डोक्यातलं नाणं कुठे पुरणार?

एका संध्याकाळी गावप्रमुख त्याच्या ओट्यावर टेकला. “त्या मधल्या मातेकडे पाहिलं की मला कुणाची तरी आठवण येते बघ. कोण ते काही ध्यानात येत नाही.”

“तुमच्या मावशीची येत असेल,” पाथरवट म्हणाला.

पुढचं जरा हळू सांगते. मला वाटतं, मीसुद्धा हेच केलं असतं.

दुसऱ्या दिवशी उजाडता उजाडता तो छिन्नी घेऊन झऱ्यावर गेला. फक्त केस काढायचे, असं त्याने ठरवलं होतं. केस काढले, तर माता तापातून उठलेल्या बाईसारखी दिसायला लागली. कुणीही विचारेल, हिचे केस का काढले? म्हणून त्याने चेहरा काढला. मग दोन माता चेहऱ्याच्या आणि मधली बिनचेहऱ्याची. म्हणजे हिनेच काही गुन्हा केलाय, हे लांबून कळतंय. म्हणून त्याने उरलेल्या दोघींचेही चेहरे काढले. शेवटी राहिलं बाळ. तेवढं एकच दगडातून बघत होतं. याची आई कोण, असं विचारलं तर? पाथरवटाने छिन्नी टेकवली आणि डोळे मिटून हातोडा मारला.

मागे कुणीतरी उभं होतं. त्याची बायको, कमरेवर घागर घेऊन.

“अहो, कुणी सांगितलं होतं?”

“कुणी नाही.”

“मग?”

“कुणी सांगायच्या आत करून टाकलं.”

“हा आपल्या पोरीच्या नवसाचा दगड होता.”

“तिच्यासाठीच केलं.”

ती झऱ्याकडे वळली. घागर भरली आणि गेली. त्या दिवसापासून तिने लेकीला झऱ्यावर पाठवलं नाही.

महिना भरला आणि अधिकारी आला. त्याला सर्दी झाली होती. त्याने वेशीच्या दगडावरच्या खरवडलेल्या ओळीवरून बोट फिरवलं, मान हलवली आणि जेवायला मागितलं. जेवण झाल्यावर गावप्रमुख त्याला मोठ्या हौसेने झऱ्यावर घेऊन गेला.

“हे काय केलंत?” अधिकाऱ्याने नाक पुसत विचारलं.

“निष्ठा, महाराज.”

“देवांची तोंडं फोडायला कुणी सांगितलं?”

गावप्रमुखाने पुन्हा एकदा मान लववली.

“माझ्या यादीत तुमच्या गावचा एकच दगड आहे,” अधिकारी म्हणाला आणि घोड्यावर बसून पुढच्या किल्ल्याकडे निघून गेला.

गावाला हायसं वाटायला हवं होतं. वाटलं नाही.

सुगी संपली. नदीचं पाणी उतरलं आणि पलीकडची माणसं आली. पुढे त्यांची म्हातारी होती. तीच दर वर्षी शब्द द्यायची. झऱ्यात हात धुऊन तिने वर पाहिलं आणि तिथेच थांबली. मग पुढे झाली, मधल्या मातेच्या खडबडीत तोंडावरून ओला हात फिरवला.

“कुठली फौज आली होती?” तिने विचारलं.

“कुठलीच नाही,” गावप्रमुख म्हणाला.

“मग कुणी फोडलं?”

सगळे पाथरवटाकडे बघायला लागले. तो म्हणाला, “आम्हीच.”

“कुणाच्या हुकमाने?”

“हुकूम नव्हता, आजी. आम्ही घाबरलो होतो.”

म्हातारीने हात पदराला पुसले. “लढून हरलेल्या माणसांचा शब्द मी घेतलाय,” ती म्हणाली. “पण कुणी बोटही उगारलेलं नसताना तुम्ही आपल्या आयांची तोंडं फोडलीत. उद्या कुणी आमच्याबद्दल तुमच्या कानात कुजबुजलं, तर आमचं काय कराल?”

ती वळली आणि तिच्यामागे सगळे मधाचे बुधले आणि कातडी जशीच्या तशी घेऊन नदी ओलांडून परत गेले.

त्या वर्षी बाजार भरला नाही. थंडीत नदी गोठली. पूर्वीही गोठायची, पण तेव्हा दिलेला शब्द असायचा. या वेळी बर्फावरून जी माणसं आली, ती कशालाच बांधील नव्हती. त्यांनी कोठारं फोडली, गुरं हाकून नेली, सात घरं जाळली. पाथरवटाची बायको आणि लेक किल्ल्याच्या तळघरात तीन दिवस दडून राहिल्या, म्हणून वाचल्या. महिनाभर गाव ज्याला भीती म्हणत होतं, ती नुसती सावली होती, हे त्या तीन दिवसांत त्यांना कळलं. आणि खऱ्या भीतीला दार आपणच उघडून दिलं, हेही.

वसंतात पाथरवट पुन्हा झऱ्यावर बसला. चेहरे परत कोरता येतात, पण दगड एकदा गेला की गेला. त्याला आत, आणखी आत कोरावं लागलं. त्या माता आता खिडकीतून बघितल्यासारख्या बघतात. नदीपलीकडून मात्र कुणी आलं नाही.

तात्पर्य: मागितलं नसताना भीतीला एक गोष्ट देऊन टाकली, की ती आपल्याला सांभाळणाऱ्या गोष्टीसुद्धा मागून घेते.

वेणी घालून झाली होती. लेक आरशात न बघता माझ्याकडे वळली आणि म्हणाली, “पण आई, नदी ओलांडून कुणी गेलंच नाही का, त्या आजीला आमचं चुकलं म्हणून सांगायला?”