उजगरे बाईंचा डावा हात

“आणि एकच हात असेल तर?” उजगरे बाईंनी विचारलं.

विद्याधर वाचता वाचता अडखळला. मांडीवर जाडजूड हस्तलिखित, नाकाच्या शेंड्यावर चष्मा, बोट ‘कायरल’ या शब्दावर. समोर वेताच्या खुर्चीत बाई. त्यांच्या पदराखाली डावा हात मनगटाच्या जरा वर संपला होता.

हे त्याला ठाऊक नव्हतं असं नाही. एकतीस वर्षं ठाऊक होतं. पण शहाणा माणूस एकदा स्वतःचं लिखाण वाचायला लागला की त्याला समोरचं माणूस दिसत नाही, तसं त्याचं झालं होतं.

नुकतंच त्यानं मोठ्या ऐटीत वाचलं होतं, “कायरल. मूळ ग्रीक शब्दाचा अर्थ हात. जी वस्तू आरशातल्या आपल्या प्रतिमेवर तंतोतंत बसवता येत नाही, ती कायरल. उदाहरणार्थ, माणसाचे दोन हात.”

त्यावर बाईंचा हा प्रश्न.

तसा तो पुण्यातला मोठा माणूस. डॉक्टर विद्याधर हळबे म्हटलं की कॉलेजातली पोरं उठून उभी राहतात. सेंद्रिय रसायनशास्त्राचा मराठी कोश त्यानं अकरा वर्षं खपून लिहिला होता आणि त्याला बाईंची चार ओळींची प्रस्तावना हवी होती, म्हणून तो नगरला आला होता. पण बाईंच्या घरात तो नुसता विद्याधर. आपणही त्याला एकेरीच म्हणू.

“एकच असला तरी कायरलच, बाई,” तो सावरून म्हणाला. उत्तर येत असलं की विद्वानाला गप्प बसवत नाही, हा एक आजारच म्हणायचा. “जोडीदार असायलाच हवा अशी अट नाही. जगात एकच हात उरला, तरी त्याची प्रतिमा त्याच्यावर बसणार नाही. व्याख्येला काही कमी पडत नाही.”

“व्याख्येला कमी पडत नाही...”

“नाही.”

“मग ते नोंदीत लिही. आणि पुढे वाच.”

त्यानं समासात पेन्सिलीनं खूण केली. 

“कायरल कार्बन. ज्या कार्बनला चार वेगवेगळे गट जोडलेले...”

“थांब. कार्बन कसला कायरल? कायरल असतो तो अख्खा रेणू. एकट्या कार्बनच्या गळ्यात कशाला मारतोस?”

“सगळे तसंच म्हणतात, बाई. रूढ वापर आहे.”

“सगळे म्हणतात तेच लिहायचं होतं, तर अकरा वर्षं काय करत होतास?”

विद्याधर हसला. बरं वाटलं त्याला. पुण्यात त्याला असं बोलणारं कुणी उरलं नव्हतं.

“आता वापर सांग,” बाई म्हणाल्या. “पुस्तकातला नको. स्वयंपाकघरातला सांग.”

“कार्व्होन, बाई. पुदिन्याला वास येतो तो एका हाताच्या कार्व्होनचा. बाळंतशोपाला वास येतो तो दुसऱ्या हाताच्या. अणू तेवढेच, जोडणी तीच. फरक फक्त डाव्या-उजव्याचा.”

“आणि तो फरक नाकाला कळतो?”

“लगेच. कारण नाकातसुद्धा डावं-उजवं आहे. ज्याच्या स्वतःत तो भेद नाही, त्याला दुसऱ्यातला कळणार नाही.”

“हे चांगलं सांगितलंस. कुणी शिकवलं?”

“तुम्हीच की.”

“मी?” बाई खिडकीबाहेर बघत राहिल्या. “असेल...”

मग त्या चहा टाकायला उठल्या. विद्याधर मदतीला उठला तर “बस” म्हणाल्या. दुधाची पिशवी त्यांनी डाव्या कोपरानं छातीशी दाबून धरली आणि उजव्या हातानं कात्रीनं तिचा कोपरा कापला. आलं किसलं नाही, ओट्यावर ठेवून वरवंट्यानं ठेचलं. सगळं अगदी सरावाचं. विद्याधरला मात्र तिकडे बघवेना. तो हस्तलिखिताची पानं उगाच सारखी करत बसला.

दरवर्षी दिवाळीला त्यानं बाईंना पत्र पाठवलं होतं, एकही वर्ष चुकवलं नव्हतं. पण एकट्यानं घरी येऊन समोर बसायचं म्हटलं की काहीतरी काम निघायचं. कधी परीक्षा, कधी परिषद, कधी मुलीचं लग्न. कामं काय, शोधली की सापडतात.

चहा झाला. बाईंनी कप खाली ठेवला.

“प्रस्तावना लिहीन मी,” त्या म्हणाल्या. “फक्त एक सांग. उदाहरण हाताचंच का घेतलंस? चपला होत्या. शंख होता. जिना होता गोल फिरणारा.”

“शब्दच हाताचा आहे, बाई. सगळे हातच घेतात.”

“सगळे घेतात, ते कळलं. तू का घेतलास?”

चार हजार शब्दांच्या व्याख्या लिहिलेला माणूस, पण उत्तर शोधायला तो हस्तलिखिताची पानं चाळायला लागला.

बाईंनी उत्तराची वाट पाहिली नाही. भिंतीवरच्या घड्याळाकडे बघून म्हणाल्या, “माझी वेळ झाली. दहा मिनिटं थांबशील?”

कोपऱ्यातून त्यांनी एक आरसा ओढून घेतला. साधाच, कपाटाच्या दाराला असतो तसा, लाकडी ठोकळ्यावर उभा केलेला. टेबलाच्या मधोमध त्यांनी तो असा ठेवला की त्याची कड त्यांच्या छातीकडे आली. डावा थोटा हात आरशाच्या पाठीमागे गेला. उजवा हात त्यांनी आरशासमोर ठेवला आणि मान कलती करून आत पाहू लागल्या.

“हे काय, बाई?”

“औषध आहे. सरकारी दवाखान्यातल्या एका पोरीनं शिकवलं. इकडे ये, माझ्या खांद्यामागून बघ. तिकडून नाही दिसायचं.”

तो उठून मागे जाऊन वाकला.

टेबलावर बाईंचे दोन हात होते. उजवा आणि डावा. दोन्ही धडधाकट, दोन्हींच्या नखांना खडूची पांढरी पूड असावी तसे. प्रयोगशाळेत भांडं उजेडाला धरून बघणारे हेच ते हात, त्याला ओळखीचे.

“हात गेला तरी दुखतो, ठाऊक आहे ना?” बाई म्हणाल्या. त्यांचा आवाज वर्गात शिकवताना असायचा तसाच होता. “माझा नुसता दुखत नाही. त्याची मूठ वळलेली आहे. घट्ट. नखं तळव्यात रुततात. तळवा नाही, नखं नाहीत, पण रुततात. या आरशात उजवा हळूहळू उघडायचा आणि डोळ्यांना फसवायचं की डावाच उघडला. कधीकधी फसतो. मग झोप लागते.”

“मूठ... का वळलेली?”

“शेवटचं जे काम केलं, तेच करतोय अजून. फ्लास्क धरून ठेवणाऱ्या क्लॅम्पचा स्क्रू आवळत होते मी.”

विद्याधरनं खुर्चीची पाठ धरली.

एकतीस वर्षांपूर्वीची गोष्ट. विद्याधर तेव्हा तेवीस वर्षांचा, बाईंचा सगळ्यात लाडका विद्यार्थी. प्रबंध द्यायला तीन दिवस उरले होते आणि त्याला ईथर उकळून वेगळं करायचं होतं. जुनं ईथर मोठं दगाबाज. बाटली उघडून महिने लोटले की त्यात स्फोट होणारं द्रव्य तयार होतं, आणि डोळ्यांना ते दिसत नाही. म्हणून आधी थोडंसं काढून त्यात पोटॅशियम आयोडाइड घालून बघायचं. पिवळं पडलं तर त्या बाटलीच्या वाटेला जायचं नाही. पाच मिनिटांचं काम. बाईंनी ते शंभरदा बजावलेलं.

विद्याधरनं ते केलं नाही. घाई होती. पण वहीत मात्र लिहिलं, ‘चाचणी केली. रंग नाही.’

बाईंनी वही वाचली आणि म्हणाल्या, “सकाळपासून पोटात काही नाही तुझ्या. जा, खाऊन ये. मी बघते तोवर.”

तो कँटीनमध्ये मिसळ खात होता तेव्हा आवाज झाला.

चौकशी झाली. बाईंनी समितीला सांगितलं की चाचणी करायला मी विसरले, चूक माझी. त्यांच्याकडून प्रयोगशाळा काढून घेतली. तसंही काचेचं भांडं काचेच्या भांड्याला जोडायला दोन हात लागतात. आठ वर्षांचं त्यांचं संशोधन तिथंच राहिलं, आणि पुढची दहा वर्षं त्या एका हातानं फळ्यावर शिकवत राहिल्या. डस्टर घ्यायचं झालं की आधी खडू खाली ठेवायचा.

विद्याधरला त्या वर्षी सुवर्णपदक मिळालं.

“बाई,” तो म्हणाला. “चाचणी मी केली नव्हती.”

बाई आरशात बघत राहिल्या.

“वहीत खोटं लिहिलं होतं मी. तुम्ही विसरला नव्हतात. तुम्ही माझ्यावर विश्वास ठेवलात, बस, एवढंच केलंत. मी... मी हरामखोर आहे, बाई.”

“आयोडाइडची बाटली माझ्या कपाटात होती,” बाई सावकाश म्हणाल्या. “कपाटाला कुलूप. किल्ली माझ्या पर्समध्ये. तू चाचणी करणार कशानं?”

“...तुम्हाला माहीत होतं?”

“वही वाचताना नाही आठवलं. आठवलं असतं तर आत्ता हा आरसा कशाला लागला असता? दवाखान्यात शुद्धीवर आले, तेव्हा आठवलं.”

“मग समितीला का नाही सांगितलंत? सगळ्यांसमोर माझं नाव का नाही घेतलंत?”

“माझा एक हात गेला होता. तुझं सगळंच गेलं असतं.”

विद्याधर मटकन खाली फरशीवर बसला. चोपन्न वर्षांचा माणूस, कडक इस्त्रीचा शर्ट, आणि लहान पोरासारखा हमसून हमसून रडायला लागला. बाईंनी त्याला रडू दिलं. खिडकीबाहेर कुणीतरी स्कूटरला किक मारत होतं, ती काही केल्या चालू होत नव्हती.

“मी येणार होतो, बाई. दरवर्षी ठरवायचो. नगरचं तिकीट काढून परत केलंय मी दोनदा. तुम्ही मला एकदा तरी बोलवायचं, शिव्या द्यायच्या, काहीतरी...”

“तुझी वाट पाहून झाली होती माझी, विद्याधर. पहिली पाच-सहा वर्षं पाहिली. पत्र आलं की आधी सगळं वाचून काढायची, कुठे ते एक वाक्य आहे का बघायला. मग नुसतंच ठेवून द्यायला लागले.”

हे मात्र त्याच्या काळजात घुसलं. त्याला ती पत्रं आठवली. हवापाणी, पुस्तकं, बढती, मुलीचे मार्क. एकतीस पत्रांत एक ओळ लिहायला जागा नव्हती.

तो गुडघ्यांवर उठला आणि त्यानं हात जोडले.

“माफ केलं म्हणा. एकदाच म्हणा, बाई.”

“हात जोडू नकोस.”

“बाई...”

“जोडू नकोस रे. मला उलट जोडता येत नाहीत.”

त्याचे हात आपोआप खाली आले. कुठे ठेवावेत तेच कळेना. त्यानं ते मांडीवर ठेवले, मग पाठीमागे नेले, मग नुसतेच लोंबत सोडले.



“माफ मी तुला दवाखान्यातच केलं होतं,” बाई म्हणाल्या. “टाके निघायच्या आधी.”

विद्याधरनं वर पाहिलं. एकतीस वर्षं तो ज्या शब्दांसाठी झुरला होता, ते ऐकायला मिळाले होते. पण छातीवरचा दगड जिथल्या तिथं होता. उलट जड झाला होता.

बाईंनी उजवा हात पुन्हा आरशासमोर ठेवला. मूठ वळली. मग एकेक बोट उघडलं. करंगळी, अनामिका, मधलं. आरशातला डावा हातही तसाच उघडत गेला, पार तळवा दिसेपर्यंत. आरशाच्या पाठीमागे थोटा हात थरथरत होता. बाईंचे ओठ घट्ट मिटलेले होते आणि कपाळावर घाम आला होता.

“उघडली का, बाई?”

“नाही.”

“पण तुम्ही तर... तुम्ही माफ केलंत ना?”

“मी केलं. मी केव्हाच केलं.”

बाईंनी आरसा टेबलावर पालथा घातला. डाव्या हातावरचा पदर बाजूला सारला आणि तो थोटा हात टेबलावरून त्याच्यापुढे सरकवला.

“हा ऐकत नाही माझं,” त्या म्हणाल्या. “तू सांगून बघ.”