नासपतीचा डोंगर आणि साळूची बिही

एका थंड डोंगरावरच्या जंगलात एक अस्वल राज्य करीत असे. सिंहाने तिथे एकदा राजा होऊन पाहिले होते म्हणतात. पण गर्जना करायला तोंड उघडले की आवाजाआधी शिंकच बाहेर पडे, म्हणून तो बिचारा खाली निघून गेला. त्या जंगलात दोनच फळे होत. एक रसाळ नासपती आणि दुसरी तिची चुलतबहीण बिही. बिही दिसायला नासपतीसारखीच, पण इतकी टणक की चावणाऱ्याचे दात दुखावेत. दरवर्षी पावसाळा सरला की दोन्ही फळांचे ढीग रचले जात आणि कोल्हा नासपतीच्या ढिगावर चढून सांगे, "यंदा नासपती वाढली! बिही घटली!" आता मुलांनो, त्या दिवसांत बिही झाडावर हिरवीच असे, ढिगात येणार कुठून? पण ढीग लहान दिसला की बिहीची झाडे उपटून तिथे नासपती लावत, आणि झाडे कमी झाली की पुढच्या वर्षी ढीग आणखी लहान होई.

असे होता होता बिहीचे एकच झाड उरले. त्याच्या मुळांत एका म्हाताऱ्या साळूचे बीळ होते. त्या वर्षी नासपतीचा ढीग एवढा उंच झाला की शेंड्यावरच्या वानराच्या शेपटीत ढग अडकला. मी स्वतः पाहिले नाही, पण वानर खोटे कशाला बोलेल? कोल्हा म्हणाला, "महाराज, घटत्या फळाला जागा कशाला? तेवढं शेवटचं झाडही काढू या." साळूने काटे फुलवले. "झाड गेलं तर माझं घर गेलं, महाराज. काढायचं तर काढा, पण आधी एकदा थंडी पडल्यावर मोजणी करा." कोल्हा हसला. "मावशी, हरणाऱ्याला उशीरच आवडतो!" अस्वलाचे पोट भरलेले होते, भरल्या पोटी राजे उदार असतात. "बरं, थंडीत मोजू," ते म्हणाले. "तेव्हाही ढीग लहान दिसला, तर झाड काढायचं."

सगळ्यांनी नासपतीचा ढीग गुहेत ठेवला. साळूने आपली बिही पिवळी झाल्यावर एक एक तोडली आणि बिळाच्या तोंडाशी कोरड्या पानांत, एकमेकींना न टेकवता, मांडून ठेवली. "फळं निजवतेस की काय गं?" वानराने विचारले. "हो, तू मात्र ओरडू नकोस, जागी होतील," साळू म्हणाली.

मग गवतावर दहिवर गोठले. अस्वलाला हिवाळाभर झोपायचे होते आणि झोपेपूर्वी पोटभर खायचे होते. त्याने मोजणीचे फर्मान काढले. गुहेतला ढीग बाहेरून अजून पिवळाधमक दिसत होता. नासपती आतून नासते, हे कोल्ह्याच्या ध्यानी कधी आलेच नव्हते. तो ऐटीत ढिगावर चढला, घसा खाकरला, "यंदा नासपती..." आणि पचकन आत गेला. डोके तेवढे वर राहिले.

"कोल्होबा," अस्वलाने शांतपणे विचारले, "यंदाचं उत्पादन किती?"

"गळ्यापर्यंत, महाराज," कोल्हा म्हणाला.

साळूने बिळाशी जाऊन पाने बाजूला केली. मऊ पडलेल्या बिहीचा वास गुहेच्या तोंडापर्यंत दरवळला. अस्वलाने एक खाल्ली, दुसरी खाल्ली, तिसरीला हात घातला आणि थांबले. एका झाडाची फळे, आणि समोर सारे जंगल उपाशी. ती तिसरी त्याने सशाच्या पिल्लांपुढे ठेवली आणि अर्ध्या पोटी झोपायला गेले. जाताना साळूला म्हणाले, "मावशी, झाड तुझंच. वसंतात मी उठेन तेव्हा त्याच्या फांद्या लावायला हवी तेवढी जागा माग. आणि त्या कोल्ह्याला कुणीतरी बाहेर काढा रे."

तात्पर्य : तोडणीच्या दिवशी ढीग किती उंच होता ते पाहून फळाची किंमत ठरवू नये, भुकेच्या दिवशी त्यातले किती उरते ते पाहावे.