घर्घरासुराची उचकी

पर्वतांचे पंख नुकतेच छाटले गेले होते आणि माणसांच्या ओठांवर भाषा अजून कोवळी होती, त्या कृतयुगाच्या उतरत्या काळात शुभ्रा नदीच्या उगमापाशी निभृत ऋषींचा आश्रम होता. बकुळ आणि कदंब यांच्या दाट छायेत तेथे सातशे मुनी राहत असत, आणि सातशेच्या सातशे मौनी होते. त्यांच्या पंथाला निर्वाक्‌दर्शन म्हणत. शब्द म्हणजे सत्याभोवती घातलेले कुंपण; ते काढले की सत्य आपल्या पायांनी दारी येते, असा त्यांचा सिद्धांत. जो साधक बारा वर्षे मुखातून एकही शब्द बाहेर पडू देणार नाही, त्याने व्रतसमाप्तीनंतर उच्चारलेले पहिले वाक्य खरे होईल, असे ब्रह्मदेवाचे या पंथाला वरदान होते. अशा पंथात शारिका कशी टिकली, याचे देवांनाही नवल वाटे.

कारण शारिका ही कुमुदपुरीची सुईण, आणि तिची जीभ तिच्या हातांइतकीच चपळ. बाळंतिणीशी ती बोले, पोटातल्या बाळाशी बोले, आणि कोणी नसेल तर चुलीवरच्या पाण्याशीही बोले. परंतु कुमुदपुरीच्या टेकडीवर पर्वतप्राय देहाचा, मेघकंठ घर्घरासुर येऊन बसला आणि अहोरात्र गर्जू लागला. गाईंना वासरांचे हंबरणे ऐकू येईना, आयांची अंगाई ओठांवरच विरू लागली. राजा सुकेतू चतुरंग सैन्य घेऊन दुंदुभी वाजवीत त्याच्यावर चालून गेला, तर त्या दुंदुभींचा नाद पिऊन असुर ताडभर आणखी वाढला. तीन दिवस डोळा न लागलेले, रडून रडून काळेनिळे पडलेले एक तान्हे मूल शारिकेने मांडीवर घेतले, तेव्हा तिला रडू कोसळले. मूल आईच्या हाती देऊन ती तशीच आश्रमाच्या वाटेला लागली.

पहिले वर्ष महाकठीण गेले. बोलणे अनावर झाले की ती शुभ्रेत डोके बुडवून बसे. त्या वर्षी तिचे केस सुकले म्हणून नाहीत. पुढे जिभेला वळण लागले. मनात मात्र एकच वाक्य ती घोळवीत राहिली: घर्घरासुर भस्म होवो.

बाराव्या वर्षाचा शेवटचा दिवस उजाडला. सूर्य माथ्यावर आला की व्रत पुरे होणार होते. हे कळताच घर्घरासुर वृक्ष मोडीत आश्रमात आला आणि तिच्यासमोर उभा राहून म्हणाला, "हे क्षुद्र मानवी, माझ्या एका गर्जनेने दिग्गजांचे गुडघे टेकतात. भय वाटत असेल तर तसे सांग."

शारिका कापूस वळीत बसली होती. तिने वात पुरी केली.

"तुझी कुमुदपुरी मी काल पायाखाली चिरडली," असुर म्हणाला. "एक पाळणा शिल्लक नाही."

तिने ओठ दाताखाली धरला, तो रक्ताने भरला. पण शब्द फुटला नाही. सूर्य माथ्याला टेकायला चार पळे उरली होती. तेव्हा असुराने त्रिभुवन दुभंगेल अशी अंतिम गर्जना करण्यासाठी चारी दिशांचा वारा पोटात भरून घेतला, छाती फुगवली, मुख उघडले, आणि त्याला उचकी लागली.

त्या प्रचंड देहातून चिमणीएवढा आवाज आला. असुर चपापला. त्याने पुन्हा मुख उघडले, पुन्हा उचकी. शारिकेने पदर तोंडात कोंबला, पण व्यर्थ, ती हसली. तिच्यामागे निभृत ऋषी हसले, मग सातशे मुनी पोट धरधरून हसले.

"व्रत मोडले," घर्घर म्हणाला. "हिच्या मुखातून ध्वनी निघाला."

शारिकेचा चेहरा पांढराफटक पडला. एका उचकीपायी बारा वर्षे पाण्यात गेली की काय! निभृतांनी डोळे मिटून वाग्देवतेचे स्मरण केले. शुभ्रवसना, हंसवाहिनी सरस्वती तत्काळ अवतरली.

"असुरा," ती म्हणाली, "जो काही सांगतो, तो शब्द. ही काय म्हणाली, ते मला सांग."

घर्घर विचारात पडला. "काहीच म्हणाली नाही."

"तुझा अपमान केला?"

"नाही, देवी." असुर असला तरी देवीसमोर तो खोटे बोलला नाही. "मला पाहून आजवर सारे पळाले. माझ्यासमोर हसत बसलेले कोणी मी पाहिले नव्हते. मला ते... बरे वाटले."

"तर मग हसू माझ्या राज्यातले नव्हे. ते मौनाच्या घरचे आहे. व्रत अभंग आहे. वत्से शारिके, मध्याह्न झाला, बोल."

घोकलेले वाक्य शारिकेच्या ओठांवर आले. समोर असुर उचकी थांबवायला श्वास कोंडून बसला होता, डोळ्यांत पाणी, गाल फुगलेले, अगदी दूध घशात अडकलेल्या पोरासारखा. तिचा हात जन्माच्या सवयीने त्याच्या पाठीवर गेला आणि थोपटू लागला. ज्याची पाठ थोपटली, त्याला जाळायचे कसे? बारा वर्षांचे वाक्य तिने गिळले आणि म्हणाली, "घर्घरा, तुझ्या पोटातला सारा गडगडाट हसू होवो."

आणि घर्घर हसू लागला. हसता हसता तो ताडाएवढा झाला, मग झुडपाएवढा, शेवटी हरभऱ्याएवढा होऊन तिच्या तळहातावर लोळू लागला. "माते," तो म्हणाला, "पुरीविषयी मी खोटे बोललो, पाळणे सगळे जागेवर आहेत. पण मी आता राहू कोठे?"

"माझ्याबरोबर चल. कुमुदपुरीत दात नसलेली इवली तोंडे पुष्कळ आहेत," शारिका म्हणाली, आणि जी बोलत सुटली ती घर येईपर्यंत थांबली नाही.

तोवर तान्ह्या मुलांना रडणेच तेवढे ठाऊक होते. हसू शब्दांनंतर, मोठ्यांनी शिकवल्यावर येई. सरस्वतीने त्या दिवशी वर दिला की माझ्या आधी हा घर्घर बाळाच्या मुखी राहील. म्हणून आजही दुसऱ्या महिन्यात, एकही शब्द येत नसताना, बाळ कशाकडे तरी पाहून हसते. काय दिसले म्हणून आई विचारते, ते सांगत नाही. घरातली माणसे तोंडातले वाक्य अर्धे टाकून पाळण्याभोवती गोळा होतात आणि गप्प होऊन बघत राहतात. निर्वाक्‌दर्शनाची दीक्षा तेवढा वेळ साऱ्या घराला मिळते.